स्तनाच्या कर्करोगाची तपासणी : फायदा किती, तोटा किती?

(विहाराच्या वर्धापन दिनानिमित्त झालेल्या महिला मेळाव्यात महिला मंडळाच्या वतीने केलेले भाषण)



वर्धापन दिनाला आपल्याकडे दरवर्षी रक्तदान होते, वह्यावाटप होते, दहावी-बारावीच्या मुलामुलींचा सत्कार होतो. या वर्षी समितीपुढे एक नवा कागद आला. एका खासगी दवाखान्याने कळवले की आम्ही गाडी पाठवतो, गाडीत यंत्र आहे, तुमच्या वस्तीतल्या तीस वर्षांपुढच्या सगळ्या बायकांची स्तनाच्या कर्करोगाची तपासणी फुकट करून देतो, तुम्ही फक्त मांडव घाला आणि बायका गोळा करा. समितीतल्या दादांनी तो कागद आमच्या हाती दिला आणि म्हणाले, "बाईमाणसाचा विषय आहे, तुम्हीच काय ते बघा."

मग आम्ही चौघीजणी बसलो. आमच्यातली एक सरकारी दवाखान्यातून निवृत्त झालेली परिचारिका, एक आशाताई, एक शिक्षिका, आणि एक चार घरची धुणीभांडी करून संसार चालवणारी, पण प्रश्न विचारण्यात आम्हा तिघींच्याही पुढे. वाचले, ओळखीच्या डॉक्टरांना विचारले, आपसात भांडलोसुद्धा. फुकट मिळतंय तर नाही कशाला म्हणायचं, असे आमच्यातल्या दोघींचे म्हणणे होते. फुकटातले काय महागात पडते ते आधी बघू, असे दुसऱ्या दोघींचे. कालाम सुत्ताची आठवण इथे वेगळी करून द्यायला नको. कुणी मोठा माणूस सांगतो म्हणून खरे मानायचे नाही, आणि कुणी फुकट देतो म्हणूनही नाही.

आधी एक गोष्ट साफ सांगतो, कारण तीच सगळ्यात कामाची आहे. जिच्या छातीत गाठ लागते आहे, काखेत गाठ आहे, स्तनाग्र आत ओढले गेले आहे, त्यातून रक्तासारखे पाणी येते आहे, कातडी संत्र्याच्या सालीसारखी झाली आहे किंवा एका जागी खळी पडली आहे, तिच्यासाठी हे भाषण नाही आणि ते शिबिरही नाही. तिने उद्याच दवाखाना गाठायचा. शिबिराची वाट बघायची नाही, वर्धापन दिनाची नाही, लेकीच्या लग्नाची नाही. आपल्या बाया म्हणतात, "दुखत नाही, मग कशाला जाऊ?" अहो, न दुखणारी गाठच बऱ्याचदा घातकी निघते. दहापैकी बहुतेक गाठी कर्करोगाच्या नसतात हेही खरे, पण कोणती आहे आणि कोणती नाही हे घरी बसून कळत नाही.

आज आपण बोलतो आहोत ते जिला काहीच त्रास नाही अशा बाईच्या तपासणीबद्दल. याला चाळणी तपासणी म्हणा. ज्वारी चाळायला घेतली तर चाळणीची भोके मोठी असली की खडे निसटतात, बारीक असली की चांगले दाणेही अडकतात. खडा तेवढा अडकेल आणि दाणा एकही अडकणार नाही अशी चाळणी कुणी केलेली नाही. माणसाच्या शरीराची चाळण करतानाही तसेच होते. फरक इतकाच, की इथे अडकलेल्या दाण्याला शस्त्रक्रियेच्या टेबलावर जावे लागते.

हा आजार आता आपल्या देशातल्या बायकांमध्ये सगळ्यात जास्त आढळणारा कर्करोग आहे. जागतिक आरोग्य संघटनेच्या कर्करोग संस्थेने २०२२ सालासाठी जो अंदाज काढला, त्यात भारतात वर्षाला सुमारे १ लाख ९२ हजार नव्या रुग्ण आणि सुमारे ९८ हजार मृत्यू आहेत. ज्या देशांत उपचार लवकर आणि पूर्ण मिळतात तिथे हे प्रमाण पुष्कळ कमी असते. आपल्याकडे बाई उशिरा येते, हे याचे मोठे कारण. मग लवकर शोधले की झाले, असे कुणालाही वाटेल. आम्हालाही वाटत होते. पण हिशेब तितका सरळ नाही.

पुण्याहून येणाऱ्या एस.टी.चे घ्या. कुणी सुप्याला गाडी बघून फोन केला, कुणी केडगावला बघून केला. सुप्याच्या माणसाला ती आधी दिसली. पण म्हणून माळीवाडा स्टँडवर ती लवकर किंवा उशिरा पोचणार नाही. कर्करोग लवकर दिसला म्हणजे बाई जास्त जगली असे आपोआप होत नाही. आजार कळल्यापासून मोजले तर वर्षे जास्त भरतात, कारण मोजणीच आधी सुरू झाली. खरा प्रश्न असा, की सुप्याला गाडी दिसल्यावर तिला थांबवता येते का? काही गाठींच्या बाबतीत येते. काही इतक्या जलद असतात की कुठेही दिसल्या तरी उपयोग होत नाही. आणि काही गाड्या अशाही असतात की सुप्यालाच बंद पडून उभ्या राहतात, नगरला त्या कधी येतच नाहीत. या शेवटच्या गाड्यांकडे आम्ही पुन्हा येणार आहोत, कारण तोट्याचा सगळा हिशेब तिथे आहे.

थांबवता येते का, हे कळायचे कसे? त्यासाठी हजारो बायकांचे दोन गट करून वर्षानुवर्षे बघावे लागते. एका गटाची तपासणी, दुसऱ्याची नाही, आणि शेवटी दोन्हीकडचे मृत्यू मोजायचे. असे काम परदेशात झाले, पण आपल्याला जवळचे आणि अभिमानाचे काम झाले ते मुंबईत. परळच्या टाटा मेमोरियल रुग्णालयाने १९९८ साली ते सुरू केले. डॉ. इंद्रनील मित्रा, डॉ. गौरवी मिश्रा आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी मुंबईतल्या झोपडपट्ट्यांचे वीस विभाग घेतले, दहा एकीकडे, दहा दुसरीकडे. ३५ ते ६४ वयाच्या १ लाख ५१ हजार ५३८ बायका. आपल्यासारख्याच वस्त्यांमधल्या, पाणी भरणाऱ्या, घरकाम करणाऱ्या, मजुरीला जाणाऱ्या.

यात यंत्र नव्हते. तपासणी हाताने केली, आणि ती डॉक्टरांनीही केली नाही. शिकलेल्या मुली-बायका निवडून त्यांना शिकवले आणि त्यांनी वस्तीत जाऊन दर दोन वर्षांनी, अशा चार फेऱ्या केल्या. ज्यांच्यात शंका आली त्यांना पुढे रुग्णालयात नेले. दुसऱ्या गटाला कर्करोगाची माहिती एकदा समजावून दिली आणि मग दर दोन वर्षांनी घरी जाऊन विचारपूस केली. वीस वर्षांनी, २०२१ मध्ये, ब्रिटिश मेडिकल जर्नलमध्ये निकाल छापून आला.

आमच्या जिल्ह्याच्या माणसाला यात नवल वाटू नये. जामखेडला डॉ. रजनीकांत आणि डॉ. मेबल आरोळे यांनी १९७० पासून हेच तर करून दाखवले. गावातल्या निरक्षर बायका, त्यातल्या कितीतरी आपल्या समाजातल्या, ज्यांना गावात विहिरीला हात लावू देत नव्हते, त्या आरोग्य सेविका झाल्या आणि गावाने त्यांच्या हाताने बाळंतपणे करून घेतली. शिकवलेला हात डॉक्टरच्या हाताइतकाच उपयोगी पडू शकतो, हे नगर जिल्ह्याने मुंबईच्या आधी पाहिले आहे.

आता मुंबईचा निकाल. तो सावकाश ऐका, कारण त्याची दोन तोंडे आहेत.

तपासणी झालेल्या गटात आजार पुढच्या, म्हणजे तिसऱ्या-चौथ्या अवस्थेत सापडण्याचे प्रमाण शंभरात ३७ होते. दुसऱ्या गटात ते ४७. म्हणजे हाताच्या तपासणीने आजार लवकर सापडला, यात शंका नाही. लवकर सापडला की शस्त्रक्रिया लहान होते, पुष्कळदा पूर्ण स्तन काढावा लागत नाही. हाही फायदाच.

मृत्यूंचे काय? सगळ्या वयाच्या बायका एकत्र धरल्या तर स्तनाच्या कर्करोगाचे मृत्यू १५ टक्क्यांनी कमी दिसले, पण हा फरक योगायोगाचा नाही असे खात्रीने म्हणता येईल इतका तो भक्कम नव्हता. पन्नास आणि त्याच्या पुढच्या बायकांमध्ये मात्र मृत्यू जवळजवळ ३० टक्क्यांनी घटले, आणि हा फरक भक्कम आहे. पन्नाशीच्या आतल्या बायकांमध्ये फायदा सिद्ध झाला नाही.

तीस टक्के म्हटले की फार मोठे वाटते, म्हणून आमच्या धुणीभांडीवाल्या ताईंनी लगेच विचारले, "कशाचे तीस टक्के?" बरोबर प्रश्न. पन्नाशीपुढच्या दर एक लाख बायकांमागे दर वर्षी, तपासणी न झालेल्या गटात या आजाराने सुमारे ३५ दगावल्या आणि झालेल्या गटात सुमारे २५. दहा वर्षांचा हिशेब केला तर हजार बायकांमागे साधारण एक जीव वाचतो. ज्या घरातला वाचतो त्या घराला तो एक म्हणजे सगळे काही. पण उरलेल्या नऊशे नव्व्याण्णव जणींनाही तपासणीसाठी यावे लागते, काहींना शंकेपोटी पुढच्या चाचण्या कराव्या लागतात, काहींचे पंधरा दिवस झोपेविना जातात. हे त्यांना आधी सांगायला पाहिजे.

या कामावर टीकाही झाली. याच बायकांच्या गर्भाशयाच्या तोंडाच्या कर्करोगाचाही अभ्यास त्याच वेळी चालू होता. तिथे विशेष करून विचारले गेले की अर्ध्या वस्त्यांना तपासणीविना का ठेवले? गरीब बायका होत्या म्हणून? हा प्रश्न आपण तरी हलक्यात घेऊ शकत नाही. त्या वेळी सरकारची अशी कोणतीच तपासणी वस्त्यांमध्ये नव्हती, म्हणून कुणाचे काढून घेतले असे झाले नाही, हे संशोधकांचे उत्तर. आमचे म्हणणे थोडे वेगळे आहे. दीड लाख झोपडपट्टीतल्या बायकांनी वीस वर्षे आपली माहिती दिली तेव्हा हे ज्ञान जगाला मिळाले. मग ते पहिल्यांदा वस्त्यांमध्ये परत आले पाहिजे. ते परत येत नाही, ही खरी चीड आणणारी गोष्ट आहे. २०१९ ते २०२१ च्या राष्ट्रीय कुटुंब आरोग्य पाहणीत तीस ते एकोणपन्नास वयाच्या बायकांना विचारले, तुमच्या स्तनांची तपासणी आयुष्यात कधी झाली का? देशात शंभरात एकीनेसुद्धा हो म्हटले नाही.

आता यंत्राकडे येऊ, म्हणजे मॅमोग्राफीकडे. स्तन दोन पट्ट्यांमध्ये दाबून त्याचा एक्स-रे काढतात. हाताला न लागणारी गाठही त्यात दिसते. इथेच ती सुप्याला बंद पडलेली गाडी आठवा. यंत्राला काही अशा गाठी दिसतात ज्या दिसायला कर्करोगाच्या, पण त्या बाईच्या हयातीत कधी वाढल्याच नसत्या. ती सत्तर-ऐंशी वर्षे जगून दुसऱ्याच कारणाने गेली असती, आणि तिला गाठीचा पत्ताही लागला नसता. पण एकदा दिसली की कोणती वाढणार आणि कोणती नाही हे आजचा डॉक्टर सांगू शकत नाही. म्हणून सगळ्यांनाच शस्त्रक्रिया, सगळ्यांनाच औषधे.

इंग्लंडमध्ये याचा हिशेब करायला २०१२ साली एक स्वतंत्र समिती नेमली होती. तिचा अंदाज असा : पन्नाशीच्या दहा हजार बायकांना वीस वर्षे बोलावत राहिले तर ४३ मृत्यू टळतात आणि १२९ बायकांवर असे अनावश्यक उपचार होतात. एकीचा जीव वाचवताना तिघींना नको असलेला आजार चिकटतो. इतर काही अभ्यासकांनी हे प्रमाण यापेक्षाही वाईट काढले, काहींनी बरे काढले. तज्ज्ञांमध्येही एकमत नाही. इंग्लंडमध्ये पन्नाशीपासून दर तीन वर्षांनी बोलावतात, तर अमेरिकेतल्या तज्ज्ञ मंडळाने २०२४ मध्ये चाळिशीपासून दर दोन वर्षांनी करा असा सल्ला दिला. म्हणून कुणी तुम्हाला "यात तोटा काहीच नाही हो ताई" असे म्हणाले, तर समजा की त्याला माहीत नाही, किंवा तो सांगत नाही.

आणि तीस वर्षांच्या बाईला यंत्रात घालायचे? याला आधार कुठेच नाही. तरुण वयात स्तन घट्ट असतात, यंत्राच्या चित्रात ते पांढरे दिसतात आणि गाठही पांढरीच दिसते. धुक्यात पांढरी गाय शोधण्यासारखे आहे ते. चुकीच्या शंका जास्त आणि खरे कमी. ज्या घरात आई, बहीण, मावशी अशा दोघी-तिघींना हा आजार, तोही तरुणपणी झाला असेल, तिथल्या मुलींची गोष्ट वेगळी. त्यांनी मोठ्या रुग्णालयात जाऊन सल्ला घ्यावा.

"पण आपल्याकडे हा आजार तरुणपणीच होतो ना?" हा प्रश्न आम्हाला सगळ्यात जास्त वेळा विचारला गेला. आपल्या देशात रुग्णांचे सरासरी वय कमी दिसते हे खरे. पण याचे एक मोठे कारण असे की आपल्या देशात तरुण बायकाच जास्त आहेत. ज्या वर्गात मुली जास्त, त्या वर्गात पहिल्या आलेल्यांमध्येही मुलीच जास्त दिसणार. एकेका बाईचा धोका बघितला तर तो वयाबरोबर वाढतो, इथेही आणि परदेशातही. आणि गंमत बघा, म्हातारीला कुणी तपासायला नेत नाही. "आता या वयात काय करायचंय" म्हणून सासूबाई घरी, आणि सून शिबिराला. मुंबईचा निकाल तर उलटे सांगतो.

हाताने स्वतःच दर महिन्याला तपासावे असे टी.व्ही.वर सांगतात, त्याचे काय? चीनमध्ये शांघायच्या कारखान्यांमधल्या २ लाख ६६ हजार कामगार बायकांवर याचा अभ्यास झाला. अर्ध्यांना स्वतः तपासायला नीट शिकवले, पुन्हा पुन्हा उजळणी घेतली. दहा वर्षांवर वाट बघितली. २००२ साली निकाल आला : शिकवलेल्या गटात १३५ मृत्यू, न शिकवलेल्या गटात १३१. फरक काहीच नाही. उलट शिकवलेल्या गटात साध्या गाठींसाठी सुया-चिरफाड जास्त झाली. म्हणून महिन्याच्या ठरलेल्या तारखेला आरशापुढे धास्तावून उभे राहण्याची गरज नाही. आंघोळ करताना, ब्लाऊज घालताना आपले शरीर कसे आहे हे माहीत असावे आणि बदल दिसला की लपवू नये, इतके पुरे. लपवू नये हे मात्र शंभरदा सांगतो.

तोट्याची अजून एक बाजू आहे, ती पुस्तकात कमी आणि वस्तीत जास्त दिसते. आमच्या माहितीतल्या एका वस्तीत असेच एक शिबिर झाले. कुणी घेतले ते सांगत नाही. पन्नास-साठ बायका तपासल्या, सात-आठ जणींना "शंका आहे, पुढे दाखवा" असे तोंडी सांगितले आणि गाडी गेली. कागद नाही, कुठे जायचे ते नाही, फोन लावला तर कुणी उचलत नाही. त्यातल्या एका ताईंनी तीन आठवडे कुणालाच सांगितले नाही. रात्री उठून मुलांच्या तोंडाकडे बघत बसायच्या. शेवटी उसनवारी करून शहरात दाखवले, सुई घालून तपासले, साधी दुधाची गाठ निघाली. आठ दिवसांची मजुरी बुडाली, आणि जावेने गल्लीत सांगून ठेवले की हिला कॅन्सर आहे. दुसऱ्या एकीला "सगळे ठीक" असा शिक्का मिळाला. सहा-सात महिन्यांनी तिला गाठ लागली, तर ती म्हणाली, "माझी तर तपासणी झालीय." आणि बसून राहिली. तपासणी चांगली आली याचा अर्थ त्या दिवशी काही सापडले नाही, एवढाच. पुढे कधी होणारच नाही असा तो दाखला नाही.

खेड्यातल्या बहिणींसाठी एक वेगळा मुद्दा. आपल्या जामखेडच्या पलीकडे बार्शीला कर्करोगाचे रुग्णालय आहे. तिथे १९८७ पासून बार्शी, परांडा, भूम या भागातल्या गावागावांतून कर्करोगाची नोंद ठेवली जाते, ग्रामीण भागातली देशातली ती पहिली नोंदवही. तिच्यावरून दिसते की खेड्यात स्तनाचा कर्करोग मुंबईच्या निम्म्याहूनही कमी आहे. रोग कमी असला की चाळणीचा फायदाही कमी आणि खोट्या शंका तेवढ्याच. खेड्यात गर्भाशयाच्या तोंडाच्या कर्करोगाकडे जास्त बघायला हवे. तिथे तर पुरावा कितीतरी भक्कम आहे. मुंबईच्याच अभ्यासात, आरोग्य सेविकांनी साध्या व्हिनेगरसारख्या पाण्याने तपासणी केली आणि त्या आजाराचे मृत्यू ३१ टक्क्यांनी कमी झाले. धाराशिव जिल्ह्यातल्या गावांमध्ये सव्वा लाखावर बायकांचा अभ्यास झाला, २००९ मध्ये निकाल आला. विषाणूची एकच चाचणी आयुष्यात एकदा केली तरी मृत्यू निम्म्यावर आले. आणि हो, मिश्री. ज्या ज्या बाया अजून सकाळी मिश्री लावतात त्यांनी तोंड दाखवून घ्यायचेच. स्तनाच्या यंत्राला रांग लावायची आणि गालात मिश्री धरून लावायची, याला काय म्हणावे?

सरकारचा नियम असा आहे की तीस वर्षांपुढच्या प्रत्येकीची तोंडाची, स्तनाची आणि गर्भाशयाच्या तोंडाची तपासणी आरोग्य केंद्रात पाच वर्षांतून एकदा व्हावी, फुकट. आशाताई घरी येऊन जो लांबलचक फॉर्म भरतात, तो त्यासाठीच. आमच्या आशाताई म्हणतात की फॉर्म भरून होतात, पण केंद्रात पडद्यामागे तपासायला जागा नसते, शिकवलेली सिस्टर बदलीवर गेलेली असते. मागायचे असेल तर हे मागू या. हे आपल्या हक्काचे आहे, कुणाच्या मेहेरबानीचे नाही.

बंधूंना दोनच शब्द. बाईला गाठ सापडली की घरात पहिला प्रश्न येतो खर्चाचा. महात्मा जोतिराव फुले जन आरोग्य योजनेत कर्करोगाची शस्त्रक्रिया, केमो आणि शेक हे उपचार बसतात. रेशनकार्ड आणि आधारकार्ड घेऊन योजनेतल्या रुग्णालयातल्या आरोग्यमित्राला भेटायचे. उपचार सहा-आठ महिने चालतात, केस जातात, जेवण जात नाही. त्या काळात भाकरी कोण थापणार, मुलांना शाळेत कोण सोडणार, हे ठरवणे तुमच्याकडे. अर्ध्यावर उपचार सोडणाऱ्या कितीतरी बायका घरात माणूस नाही म्हणून सोडतात. लवकर शोधून अर्ध्यात सोडले तर शोधल्याचा काही उपयोग नाही. आणि स्तन काढला म्हणून बाईला माहेरी पाठवणारे महाभाग आपल्यातही आहेत. नाव घेत नाही, त्यांना कळले आहे.

तर, समितीने विचारले होते, शिबिर घ्यायचे का? आमचे लेखी उत्तर आम्ही अध्यक्षांकडे दिले आहे, ते इथे सांगतो. यंत्राची गाडी तीस वर्षांच्या बायकांसाठी नको. तसे त्या दवाखान्याला कळवावे. त्याऐवजी आरोग्य केंद्राला पत्र देऊन शिकवलेली सिस्टर मागवावी आणि विहाराच्या मागच्या खोलीत, पडदा लावून, हाताने तपासणी ठेवावी. पन्नास ते सत्तरच्या बायका आधी. त्याच्या आतली कुणी स्वतःहून आली तर तिला परत पाठवायचे नाही, पण तुझ्या वयात फायदा सिद्ध झालेला नाही, हे तिला सांगायचे. तपासणीच्या आधी प्रत्येकीला फायदा आणि तोटा दोन्ही समजावून सांगायचे आणि नको म्हणाली तर तिला टोचून बोलायचे नाही. जिच्यात शंका येईल तिचा कागद त्याच दिवशी तिच्या हातात, आणि आमच्यापैकी एक जण तिच्याबरोबर जिल्हा रुग्णालयात जाईल. निकाल येईपर्यंत तिची बाब आम्हा चौघींच्या बाहेर जाणार नाही. एवढे जमत नसेल तर शिबिर घेऊच नये, मांडवाचे पैसे वह्यांना घालावेत.

आमच्यातल्या एकीला अजूनही वाटते की गाडी येऊ द्यायला हवी होती, निदान पन्नाशीपुढच्यांसाठी. तिचे म्हणणेही पत्रात लिहिले आहे. ते चूक आहे असे आम्ही म्हणणार नाही, पन्नाशीपुढे यंत्राने काही जीव वाचतात हे आम्हीच वर सांगितले. पण गाडी निघून गेल्यावर मागे कोण उरते, या प्रश्नाचे उत्तर त्या दवाखान्याच्या कागदात नव्हते.

पन्नाशीपुढच्या आई, आक्का, मावशींची यादी करायला आम्ही येत्या रविवारपासून गल्लीगल्लीने येतो आहोत. ज्यांना वय नक्की माहीत नाही त्यांनी थोरल्या मुलाचे वय सांगितले तरी चालेल, आम्ही हिशेब लावू. सुनांनी सासूबाईंना नाव द्यायला लावावे.